सोबतीचा हक्क

निर्वाहाच्या मागणीसाठी येणारी वृद्ध माणसे वकिलाला नवी नाहीत. फोंडा महालातील एका देवळाजवळ एकट्या राहणाऱ्या या काकी मात्र पैशासाठी आल्या नव्हत्या. मुलगा परदेशातून दरमहा न चुकता रक्कम पाठवितो. १८६७ च्या पोर्तुगीज दिवाणी संहितेपासून गोव्यात चालत आलेल्या सामाईक मालमत्तेच्या तत्त्वाने पतीच्या पश्चात अर्धे घरही त्यांचेच आहे. त्यांचा प्रश्न निराळा होता : "वकीलबाब, आठवड्यातून एकदा तरी कोणी घरी येऊन बोलावे, असे कायद्यात काही आहे काय?"

ज्येष्ठ नागरिकांविषयीच्या २००७ च्या अधिनियमात 'निर्वाह' या शब्दात अन्न, वस्त्र, निवारा आणि औषधोपचार येतात. न्यायाधिकरण देववील त्या रकमेला दरमहा १०,००० रुपयांची कमाल मर्यादा घातलेली आहे. सोबतीचा त्या व्याख्येत उल्लेख नाही, आणि असावा तरी कसा? हुकुमाने आणलेला मुलगा सोप्यावर येऊन बसेलही; पण बोलेल काय?

एकटेपणाला अन्याय म्हणावे, तर अन्यायी कोण? मुलाच्या शिक्षणासाठी पाटल्या मोडल्या त्या काकींनीच. त्याच्याकडे जाऊन राहण्यास नकारही त्यांचाच. तुळशीपुढे दिवा कोण लावील, हे त्यांचे उत्तर. तेव्हा हे दुःख त्यांनी आपण होऊन पत्करले आहे, असे प्रतिपक्षाचा वकील म्हणेल. मला तो युक्तिवाद पटत नाही. ताटातुटीला दिलेल्या संमतीत विसरले जाण्याची संमती येत नाही. आणि विसरणाऱ्यांत आपणही आहोत. आरतीला त्यांना रोज पाहणारे, आणि पाहिले म्हणजे विचारपूस झाली असे समजणारे.

त्यांनी आपला दिवस सांगितला. पहाटे सडा, मग देवीसाठी अबोलीची फाती गुंफणे. भात अजूनही नकळत दोघांचा शिजतो, उरलेला कावळ्यांना. दुपार मात्र सरता सरत नाही. महिन्यातून एकदा त्या अभिषेक करवितात. नातवंडांसाठी असेल, असे मी समजलो.

"संकल्पात भटजी माझे नाव घेतात," त्या म्हणाल्या, "एरवी ते कोण घेतो?"

निघताना त्यांनी फी पुढे केली. मी घेतली नाही. सौजन्य केले असेच तेव्हा मला वाटले. त्यांचा चेहरा उतरला.

"घेतली असती," त्या म्हणाल्या, "तर पुढच्या महिन्यात पुन्हा यायला संकोच वाटला नसता."