यादीत नसणे

‘भूतलावर घट नाही’ हे कशाने कळते? जमीन डोळ्यांना दिसते, पण घटाचे नसणे दिसते का? नैयायिकांच्या मते दिसते. अभाव प्रत्यक्षानेच कळतो. कुमारिल भट्टांचे मीमांसक आणि अद्वैती त्यासाठी अनुपलब्धी, म्हणजे न आढळणे, हे वेगळे प्रमाण मानतात. प्राभाकर मीमांसकांना अभाव हा पदार्थच मान्य नाही. तिथे नुसती जमीन आहे, संपले. नैयायिक आणि भाट्ट यांचे एका अटीवर मात्र जमते: जे दिसण्याजोगे आहे, त्याचेच न दिसणे पुरावा ठरते. अंधारात घट दिसला नाही म्हणून तो नाही असे होत नाही, आणि पिशाच तर उजेडातही दिसत नाही. या अटीला योग्यता म्हणतात.

संगीताच्या सॉफ्टवेअरमध्ये प्लगइन लोड होत नाही तेव्हा हीच अट विसरली जाते. रिव्हर्बचे प्लगइन टाकले, सॉफ्टवेअरमधली प्लगइनची यादी उघडली, नाव नाही. लगेच पुन्हा इन्स्टॉल. पण ते दिसण्याजोगे होते का? विंडोजवर व्हीएसटी-३ प्रकारच्या प्लगइनचे घर ठरलेले आहे, ‘कॉमन फाइल्स’मधला व्हीएसटी-३ फोल्डर. जुन्या व्हीएसटी-२ला तसे घर नाही; फोल्डर सॉफ्टवेअरला दाखवून द्यावा लागतो, नाहीतर फाइल अंधारातल्या घटासारखी पडून राहते. ३२ बिटचे प्लगइन ६४ बिटच्या सॉफ्टवेअरमध्ये ब्रिजशिवाय उघडत नाही.

मुळात यादी हे प्रत्यक्ष नव्हेच. फोल्डर पाहतो स्कॅनर. वापरणाऱ्यापर्यंत येतो तो त्याचा शब्द. शब्दप्रमाणात सांगणारा आप्त लागतो, म्हणजे वस्तू जशी आहे तशी जाणणारा आणि सांगणारा. स्कॅन करताना प्लगइन कोसळले, की अनेक सॉफ्टवेअर त्याचे नाव नकारयादीत टाकतात आणि पुढच्या वेळी तिकडे वळूनही पाहत नाहीत. न पाहताच ‘नाही’ म्हणणारा साक्षीदार तो. रीपर या सॉफ्टवेअरमध्ये कॅशे पुसून नव्याने स्कॅन करता येते, म्हणजे साक्षीदाराला पुन्हा जागेवर धाडता येते.

त्यानंतरही नाव आले नाही, तर नैयायिकांच्या अभावप्रकारांपैकी हा कोणता हे पाहावे. इन्स्टॉलच झाले नसेल तर प्रागभाव, उपजण्याआधीचे नसणे. तिथे इन्स्टॉलर चालतो. अँटिव्हायरसने फाइल उडवली असेल तर प्रध्वंसाभाव, नाशानंतरचे नसणे. अँटिव्हायरसला आवर घातल्याशिवाय नवी फाइलही टिकायची नाही. लॉजिक प्रोमध्ये व्हीएसटी शोधणे मात्र वायूत रंग शोधण्यासारखे, अत्यंताभावाचे, म्हणजे कायमच्या नसण्याचे, शुद्ध उदाहरण. ते सॉफ्टवेअर ऑडिओ युनिट प्रकारचीच प्लगइन घेते, म्हणून त्याच प्लगइनची ऑडिओ युनिट आवृत्ती निघाली असेल तर ती टाकावी.