नकाराला उसंत

कादंबरीतले प्रेम घाईने जुळवणे हा केवळ रचनेचा दोष नव्हे; मला तो नैतिक दोष वाटतो. जेन ऑस्टिनच्या ‘प्राइड अँड प्रेज्युडिस’मध्ये (१८१३) एकूण ६१ प्रकरणे. डार्सी ३४व्या प्रकरणात मागणी घालतो, एलिझाबेथ ती साफ नाकारते. दुसरी मागणी येते ५८व्यात. तोवर दोघेही बदललेली असतात. याच कादंबरीत शार्लट मात्र कॉलिन्सला चटकन होकार देते. पण हा २७ वर्षांच्या, पैसा नसलेल्या मुलीने पोटासाठी केलेला व्यवहार आहे, हे लेखिका लपवत नाही. अनेक लोकप्रिय प्रेमकथांत नायकाचा पाठलाग हेच प्रेम ठरते. आमच्या वर्गांतली मुले तेच वाचून मोठी होतात. जिला ‘नाही’ म्हणायला लेखकाने उसंतच दिली नाही, तिच्या ‘हो’ला किंमत ती काय?