नऊ महिन्यांच्या आतलं बाळ

२७ नोव्हेंबर २०१८ रोजी महाराष्ट्रात गोवर-रुबेला लसीकरणाची मोहीम सुरू झाली. नऊ महिने ते पंधरा वर्षं वयाच्या प्रत्येक मुलाला, आधीचे डोस झालेले असोत वा नसोत, एक डोस द्यायचा होता. शाळाशाळांत वर्गवार रांगा लागल्या. टोचून झालं की मुलाच्या डाव्या अंगठ्याच्या नखावर मार्करने खूण करत. माझ्या ओळखीतल्या दोन घरांत या खुणेवरून फूट पडली. मुलं पहिलीत एका बाकावर बसणारी. आया कॉलेजपासूनच्या मैत्रिणी, बाळंतपणात एकमेकींकडे डबे पोचवलेल्या. एकीच्या मुलाचं नख रंगलं. दुसरीने त्या दिवशी मुलाला शाळेतच पाठवलं नाही. "आम्हा भावंडांना गोवर येऊन गेला, काय बिघडलं?" असं तिचं म्हणणं. पहिलीच्या घरात पाच महिन्यांची मुलगी होती. तिने सरळ सांगून टाकलं, "मग तुझ्या मुलाला आमच्याकडे पाठवू नकोस."

तिची भीती मला मुळीच अवाजवी वाटत नाही. गोवराइतक्या झपाट्याने पसरणारे आजार फार थोडे. रुग्ण खोलीतून निघून गेला तरी विषाणू दोन तासांपर्यंत हवेत टिकू शकतो, आणि कुणालाच लस मिळालेली नसेल तर एका रुग्णाकडून १२ ते १८ जणांना लागण होऊ शकते. बाळ जन्मतं ते आईची प्रतिपिंडं घेऊन. काही महिन्यांत ती ओसरतात. पण ओसरण्याआधीच लस दिली तर त्यांच्यामुळे ती नीट लागू पडत नाही. म्हणून आपल्याकडे पहिला डोस नऊ महिने पुरे झाल्यावर देतात. तोवर बाळाला जपायचं ते अवतीभवतीच्या मोठ्या मुलांनी, आणि त्यासाठी शंभरातल्या ९५ मुलांचे दोन्ही डोस झालेले असावे लागतात. 'माझं मूल, माझा निर्णय' हे इथे पुरेसं नाही. आणि 'येऊन गेला, काय बिघडलं' हे सांगायला वाचलेलेच उरतात. गोवरानंतर न्यूमोनियाने गेलेली, मेंदूला सूज आलेली, डोळे गमावलेली मुलं या आठवणींत कुठेच नसतात.

दुसरी बाई अडाणी नव्हती, बेफिकीर तर अजिबात नव्हती. मुलाला नवव्या महिन्यात पहिला डोस तिनेच नेऊन दिला होता. आठ-दहा दिवसांनी तो तापाने फणफणला, अंगावर पुरळ उठलं. या लशीचा ताप काही मुलांना असा उशिराच येतो आणि दोन-तीन दिवसांत उतरतो. पण टोचताना हे तिला कुणी सांगितलं नव्हतं. रात्रभर जागून सकाळी ती दवाखान्यात गेली, तर "येतोच ताप, त्यात काय एवढं" म्हणून तिची बोळवण झाली. मग तिला बळ दिलं ते फोनवर फिरत येणाऱ्या मजकुराने. अँड्र्यू वेकफील्ड यांच्या १९९८ च्या लेखाचा त्यात दाखला होता: अवघ्या बारा मुलांवरचा, लशीचा स्वमग्नतेशी संबंध सुचवणारा. तो लेख 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकाने २०१० मध्ये मागे घेतला आणि वेकफील्ड यांची डॉक्टर म्हणून नोंदणीही रद्द झाली, हे मात्र त्या मजकुरात नव्हतं. जानेवारी २०१९ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने पालकांच्या संमतीवाचून शाळांत ही लस देऊ नये असं बजावलं. लशीचा कट्टर पुरस्कर्ता असूनही मला ते योग्य वाटतं. संमती मागायची तर आधी समजावून सांगावं लागतं, आणि तिला तेवढंच हवं होतं.

शंका बाळगणाऱ्या घरांत डॉक्टर हाकेच्या अंतरावर असतो, मूल खाऊनपिऊन धडधाकट असतं. गोवराचा खरा तडाखा बसतो तो दाटीवाटीच्या वस्तीतल्या कुपोषित बाळाला. २०२२ च्या अखेरीस मुंबईत गोवंडीकडे साथ पसरली, मुलं दगावली. करोनाकाळात चुकलेले डोस हे त्याचं एक मोठं कारण होतं. तेव्हा साथीच्या भागांत सहा ते नऊ महिन्यांच्या बाळांनाही जादा डोस देण्याची वेळ आली. गोवंडीतल्या त्या आयांना नकार द्यायचाच नव्हता. त्यांच्यापर्यंत लस पोचली नव्हती. हे आठवलं की सुखवस्तू घरातल्या नकाराचा मला राग येतो.

पण रागाने त्या मुलाला डोस मिळणार नव्हता. दवाखान्यावरचा विश्वास उडालेल्या त्या बाईला 'ताप आठ दिवसांनीच येतो गं, माझ्याही मुलाला आला होता' असं सांगू शकणारी एकच व्यक्ती होती, आणि तिनेच फोन घेणं बंद केलं. तान्ह्या मुलीला त्या मुलापासून दूर ठेवणं रास्तच होतं. मैत्रिणीला बाहेर कुठे तरी, मुलं घरी ठेवून, भेटता आलं असतं. शिवाय या काळजीला मुदत होती. मार्च २०१९ मध्ये मुलीला नऊ महिने पुरे झाले आणि तिला लस टोचली. एका डोसने काही मुलांना संरक्षण मिळत नाही, हे खरं. तरी भेटीगाठी टाळण्याचं मोठं कारण तेव्हाच संपलं होतं. बोलणं मात्र पुन्हा सुरू झालं नाही. त्या मुलाचा दुसरा डोस राहून गेला तो अजून राहिलेलाच आहे. मोठ्या वयातही तो घेता येतो, आणि हे त्याच्या आईला जाऊन सांगायला त्या मैत्रिणीइतकं योग्य माणूस मला आजही दुसरं दिसत नाही.