शत्रूची छत्री

दिवाळीच्या सुटीत पातूरला आलेल्या नातीला घेऊन मी बाळापूरला गेलो होतो. नदीकाठची दगडी छत्री तिला फार आवडली.

"कुणी बांधली, आजोबा?"

"मिर्झाराजे जयसिंगांनी."

तिचा चेहरा पडला. "म्हणजे शिवाजी महाराजांचे किल्ले घेणारा तोच?"

तिचे चुकले नव्हते. १६६५ च्या पुरंदरच्या तहात महाराजांना २३ किल्ले द्यावे लागले. गोष्ट तिथेच थांबली, की जयसिंग दुष्ट ठरतो आणि आपण मोकळे होतो.

पातूरला परतल्यावर मी तिच्या हाती गोष्टीचे नव्हे, इतिहासाचे पुस्तक दिले. त्यात तिला पुढचे सापडले. महाराज आग्र्याला निघाले ते याच जयसिंगाने दिलेल्या सुरक्षिततेच्या हमीवर. तिथे त्याचा मुलगा रामसिंग त्यांना जामीन राहिला. १६६६ मध्ये महाराज निसटले, तेव्हा बादशहाचा रोष रामसिंगावर ओढवला. पुढच्याच वर्षी जयसिंग बऱ्हाणपूरला वारला.

मुलांना एवढी गुंतागुंत कशाला, असे पुष्कळांना वाटते. आधी भक्ती रुजू द्यावी, सत्य मागाहून सांगावे! पण सत्याने उणी होईल ती भक्ती कसली? शत्रू तोलामोलाचा होता हे कळल्याने महाराज लहान होत नाहीत. आणि मेलेल्या माणसाला न्याय द्यायला शिकलेले मूल जित्या शेजाऱ्यालाही तो देईल, एवढी आशा धरायला हरकत नाही.

रात्री पणत्या लावताना ती म्हणाली, "आजोबा, तो शत्रू होता, पण शब्दाला जागणारा होता, नाही?"

मी उत्तर दिले नाही. पुस्तक अजून तिचे वाचून व्हायचे होते.