लग्नाला लहान मुले नकोत, मग सूट कोणाला?



२०२३ च्या जुलै महिन्यात आम्ही उभयता कॅनडाला गेलो होतो. टोरांटोला लागून मिसिसागा नावाचे शहर आहे. आमचा धाकटा भाऊ गेली पंचवीस वर्षे तिथे राहतो. त्याच्या मुलीचे लग्न होते. पत्रिका चार महिने आधी आली. तिच्यात तळाला बारीक अक्षरांत लिहिले होते की, संध्याकाळचा स्वागतसमारंभ फक्त मोठ्या माणसांसाठी आहे, लहान मुलांना कृपया आणू नये.

आपल्याकडे पत्रिकेवर 'सहकुटुंब सहपरिवार' असे छापल्याशिवाय ती पूर्ण झाल्यासारखी वाटत नाही. त्यामुळे ते वाक्य आम्हांला लागले. मुलांवाचून लग्न कसले? मांडवात खुर्च्यांखालून धावणारी पोरे, केक कापायच्या आधीच त्याच्यावरचे क्रीम बोटाने चाटणारी पोरे, बँडच्या पुढे नाचणारी पोरे, हे सगळे वजा केले तर उरते काय? तिकडच्या मुलांना घरापेक्षा हॉल प्यारा, असेही आम्ही बोलून गेलो.

पण भावाने फोनवर हिशेब सांगितला तेव्हा आम्ही गप्प झालो. हॉलमध्ये ११० माणसांना परवानगी. दोन्ही घरची यादी १६० च्या वर. खुर्चीवर बसलेला सहा वर्षांचा मुलगा हेही एक डोकेच, आणि ताटाचे पैसे डोक्यामागे. जेवण रात्री साडेआठला, नाच मध्यरात्रीपर्यंत. मुलांना वगळले तर निदान सगळ्या काका-मामांना आणि आत्या-मावश्यांना बोलावता येईल, असा पुतणीचा विचार होता. यात वाईट काय? इंग्लंड-अमेरिकेत आणि कॅनडात अशी लग्ने आता नवीन राहिलेली नाहीत. आणि आपल्या वसईतही मांडव जाऊन हॉल आले आहेत. अंगणात पाचशे माणसे जेवत तेव्हा वीस पोरांचा हिशेब कोणी ठेवत नसे. आज केटरर मुलांची ताटे वेगळी मोजतो. हा प्रश्न आपल्याही दारापर्यंत येऊन पोहोचला आहे.

नियम ठरवणे त्या मानाने सोपे होते. अवघड गोष्ट पुढे आली. एकाएकाचे फोन सुरू झाले.

आमची भाची, म्हणजे आमच्या बहिणीची मुलगी, जवळच्याच ब्रॅम्प्टन शहरात राहते. तिचे बाळ तेव्हा पाच महिन्यांचे, अंगावर पिणारे. बाटली तोंडात धरत नव्हते. तिने एप्रिलमध्ये पुतणीला विचारले, बाळाला मांडीवर घेऊन येऊ का? पुतणीने फार जड मनाने नाही म्हटले. एकाला हो म्हटले की सगळे मागतील, असे तिचे म्हणणे होते. भाचीने ते मान्य केले आणि त्या दिवसासाठी बेबीसिटर ठरवली.

जूनमध्ये आम्ही फोन केला. आमचा मुलगा दुबईहून सहकुटुंब येणार होता. नातू सहा वर्षांचा. त्याला परक्या देशात कोणाजवळ ठेवायचे, असे आम्ही म्हणालो. खरे सांगायचे तर ही अडचण नव्हतीच. भावाने आधीच सोय केली होती. शेजारची कॉलेजात जाणारी मुलगी सात-आठ मुलांना घरी सांभाळणार होती, पिझ्झा आणि सिनेमाही ठरला होता. पण थोरल्या घरचा नातू शेजारणीकडे आणि आम्ही हॉलमध्ये, हे आम्हांला कमीपणाचे वाटले. भाऊ क्षणभर थांबला आणि म्हणाला, "दादा, बघतो." धाकट्या भावाने 'बघतो' म्हटले की त्याचा अर्थ काय होतो, हे आम्हांला ठाऊक होते. फोन ठेवताना आम्ही खूश होतो.

लग्नाच्या दिवशी दुपारी चर्चमध्ये मिस्सा झाली. तिथे मुलांना कोणी अडवले नाही. विवाहसंस्कार ख्रिस्तसभेचा असतो, त्याला पाहुण्यांची यादी नसते. भाचीचे बाळ शपथा चालू असताना दोनदा रडले, फादर हसले, एवढेच. (२०१५ साली पोप फ्रान्सिस यांनी सिस्टाइन चॅपेलमध्ये बाप्तिस्म्याच्या मिस्सेत आयांना सांगितले होते की, बाळे भुकेली असतील तर खुशाल इथेच पाजा. चर्चमध्ये मूल रडले की मान वळवून बघणाऱ्या आपल्यासारख्यांनी हे ध्यानात ठेवण्याजोगे आहे.) मिस्सेनंतर गाड्यांपाशी वाटण्या झाल्या. मुले एका गाडीत, मोठे दुसऱ्या गाडीत.

रात्री नववधू-वराचा पहिला नाच झाला आणि मग आमचा नातू मधोमध उतरला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. एकच मूल असल्यामुळे तो जास्तच उठून दिसत होता. भाची तोवर दोनदा बाहेर जाऊन घरी फोन करून आली होती. ती आमच्या टेबलाशी आली, नातवाकडे पाहिले आणि म्हणाली, "मामी, तुमचा चालला का?"

तिचा आवाज चढलेला नव्हता. केक कापायच्या आधीच ती निघून गेली.

त्या एका प्रश्नाने आम्हांला बरेच दिवस झोप दिली नाही. म्हणून त्यावर इथे थोडा विचार मांडतो. पुष्कळांना वाटते की न्याय म्हणजे सगळ्यांना एकच माप, आणि सूट दिली की अन्याय झाला. पुतणीला एप्रिलमध्ये हीच भीती होती. पण जुने विचारवंत असे म्हणत नाहीत. अ‍ॅरिस्टॉटलने आपल्या नीतिशास्त्राच्या पाचव्या भागात लेस्बॉस बेटावरच्या गवंड्यांचे उदाहरण दिले आहे. त्यांची मोजपट्टी शिशाची असे, दगडाच्या आकाराप्रमाणे ती वाकत असे. नियम सर्वसाधारण परिस्थिती पाहून केलेला असतो, पण प्रत्येक दगड काही सरळ नसतो. तेराव्या शतकात संत थॉमस अक्वायनस यांनी हाच विचार पुढे नेला. दुसऱ्याची ठेव परत करावी हा नियम चांगला, पण ठेव म्हणून ठेवलेली तलवार वेडाच्या भरात मालक मागायला आला तर ती देऊ नये, असे ते म्हणतात. तिथे शब्दाला धरून वागणे हाच दोष. नियमाचा हेतू ओळखून वागणे याला त्यांनी सद्‌गुण म्हटले आहे. दाविदाने भुकेपोटी याजकांसाठी राखलेल्या भाकरी खाल्ल्या, त्याची आठवण प्रभू येशूने परुश्यांना करून दिली ती शब्बाथाच्या वादात. तिथेही सूट भुकेला मिळाली होती.

आता पुतणीच्या नियमाचा हेतू काय होता? जागा आणि खर्च. पाच महिन्यांच्या बाळाला ना खुर्ची लागते ना ताट. त्याला आईपासून तोडले तर आईच पाहुणी म्हणून राहू शकत नाही. म्हणजे भाचीला सूट दिली असती तर नियमाला धक्का लागत नव्हता. आमच्या नातवाने मात्र खुर्ची घेतली, ताट घेतले, आणि त्याच्या वयाची बाकीची मुले पिझ्झा खात घरी बसली होती. जिथे कारण होते तिथे नियम ताठ राहिला आणि जिथे फक्त वडीलकी होती तिथे वाकला. मोजपट्टी शिशाची होती खरी, पण ती दगड पाहून वाकली नाही, गवंड्याचा थोरला भाऊ पाहून वाकली.

कोणी म्हणेल, लग्न पुतणीचे, पैसा तिचा, तिने कोणालाही सूट द्यावी. द्राक्षमळ्याचा मालक नाही का म्हणाला की माझ्या पैशाचे मी हवे ते करीन? आम्ही स्वतः सहा महिने या दाखल्याचा आधार घेत होतो. पण तो दाखला नीट वाचला तर आमच्या कामाचा नाही. मालकाने उशिरा आलेल्यांना पूर्ण मजुरी दिली ती दिवसभर त्यांना कोणी कामाला लावले नव्हते म्हणून. आणि दिली ती सगळ्यांच्या देखत, सकाळपासून राबलेल्यांच्या ठरलेल्या मजुरीतून काही न कापता. आम्हांला मिळालेली सूट गुपचूप होती. भाचीला ती नाचाच्या वेळी कळली.

ख्रिस्तसभेच्या कायद्यातही सूट आहेच. विवाहाच्या बाबतीत ती कितीतरी घरांनी घेतली असेल. पण १९८३ च्या धर्मसंहितेचा ९० वा नियम सांगतो की, न्याय्य आणि वाजवी कारणाशिवाय सूट देऊ नये, आणि त्या प्रसंगाची परिस्थिती व कायद्याचे महत्त्व दोन्ही पाहावे. म्हणजे कारण आधी. मागणारा कोण, त्याचा आवाज किती मोठा, तो रुसला तर काय, हे त्या नियमात कुठे नाही.

मुलांना माझ्याकडे येऊ द्या हे प्रभूचे बोल अशा वेळी हटकून पुढे केले जातात. आम्हीही केले असते. पण शिष्य मुलांना प्रभूच्या आशीर्वादापासून अडवत होते, रात्री अकराच्या नाचापासून नव्हे. शुभवर्तमान आपल्या सोयीसाठी इतके ओढू नये.

मग करायचे काय? इंग्लंडमध्ये काही पत्रिकांवर सरळ लिहितात की, मुले नकोत, पण अंगावरची बाळे चालतील. ही पद्धत आम्हांला पटते. सूट माणसाच्या नावावर नसते, परिस्थितीवर असते, आणि मागावी लागत नाही. लाजाळू आईलाही ती मिळते. करवली किंवा फुले टाकणारी मुलगी ठेवायची असेल तर तेही आधी सांगावे; तिला काम आहे हे सगळ्यांना दिसते. त्यापलीकडे फोन आला तर वधू-वरांनी स्वतःला एकच विचारावे, ज्यांना आपण नाही म्हटले त्यांना हे कारण तोंडावर सांगता येईल का? पुतणीला आमचे कारण भाचीला सांगता आले असते का? "दादांनी फोन केला होता" याशिवाय ती काय सांगणार होती?

दोष पुतणीला देऊन मात्र चालणार नाही. चोवीस-पंचवीस वर्षांच्या मुलीने थोरल्या काकांना नाही म्हणावे अशी अपेक्षा करणे सोपे आहे. तिला त्या पेचात न टाकणे हे आमचे काम होते.

२०२५ च्या उपवासकाळात आम्ही भाचीला फोन केला. सूट पुतणीने आपणहून दिली नव्हती, आम्ही ती मागून घेतली, एवढे सांगितले. ती बराच वेळ बोलली नाही. मग म्हणाली, "मामा, त्या रात्री मी गाडी रस्त्याकडेला लावून रडले. वाटले, मी मागितले हेच माझे चुकले." नंतर तिने नातवाचे पुढचे दात आले का, ते विचारले.

पुतणीशी ती अजून बोलत नाही. दोघींची एकदा फोनवर गाठ घालून द्यावी असे आमच्या मनात आहे. भाऊ म्हणतो, "दादा, या वेळी तू मध्ये पडू नको."