दुभाष्याचं काम कोणाचं?

तीन वर्षांपूर्वी आमच्या टीमकडे एका आरोग्य-ॲपचं काम आलं. टांझानियातल्या छोट्या दवाखान्यांमध्ये ते वापरलं जाणार होतं. पेशंटची नोंद, औषधाची आठवण, पुढच्या तपासणीची तारीख, एवढंच. माझ्याकडे भाषांचा भाग होता. ज्यांनी असं काम केलेलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगतो. ॲपमधलं प्रत्येक वाक्य एका तक्त्यात असतं आणि प्रत्येक भाषेला त्यात वेगळा रकाना. एखाद्या वाक्याचं भाषांतर रकान्यात सापडलं नाही तर स्क्रीन कोरी ठेवता येत नाही. म्हणून प्रोग्रामला आधीच सांगून ठेवावं लागतं की अशा वेळी कोणती भाषा दाखवायची. तिला फॉलबॅक म्हणतात. मी एका ओळीत लिहिलं : फॉलबॅक इंग्रजी. दहा सेकंद लागले असतील. रिव्ह्यूमध्येही कोणी काही विचारलं नाही.

काही आठवड्यांनी तिकडच्या टेस्टिंगचे स्क्रीनशॉट आले. स्वागताचा संदेश स्वाहिलीत, मेनू स्वाहिलीत, सगळी बटणं स्वाहिलीत. आणि 'हे औषध रिकाम्या पोटी घेऊ नका' ही सूचना इंग्रजीत. ती अगदी शेवटी वाढवली होती, भाषांतर राहून गेलं होतं. कागदोपत्री आमच्या ॲपला स्वाहिलीचा 'सपोर्ट' होता. फक्त जिथे चूक झाली तर पेशंटचं पोट बिघडणार, नेमकं तिथे तो नव्हता.

मला या गोष्टीचं जरा जास्तच लागलं, त्याला कारण आहे. मी दहावीपर्यंत मराठी माध्यमात शिकलो. इंजिनिअरिंगच्या पहिल्या सेमिस्टरला सरांनी काही विचारलं की मला उत्तर यायचं, पण मराठीत. जडत्व माहीत होतं, इनर्शिया अडायचा. डोक्यातल्या डोक्यात प्रश्न मराठीत आणायचा, उत्तर शोधायचं, ते इंग्रजीत न्यायचं. तोवर पुढच्या बाकावरच्या कोणीतरी सांगून टाकलेलं असायचं. अभ्यास दोघांनी केला होता. मला त्यावर दुभाष्याचं कामही करावं लागत होतं, आणि त्याचे मार्क नव्हते. दहा वर्षांनी तेच काम मी एका ओळीत दुसऱ्या कोणाच्या तरी डोक्यावर ठेवून मोकळा झालो होतो.

त्यानंतर मी आफ्रिकेतल्या भाषांबद्दल मिळेल ते वाचत गेलो. हा लेख त्या वाचनातून पडलेल्या प्रश्नाबद्दल आहे.

सरकार धर्माशिवाय चालू शकतं, निदान तसा प्रयत्न करू शकतं. भाषेशिवाय मात्र एक दिवसही चालू शकत नाही. कायदा कुठल्या तरी भाषेत लिहावा लागतो, पाठ्यपुस्तक छापावं लागतं, पोलिसाला जबाब घ्यावा लागतो. म्हणजे निवड अटळ आहे. आणि देशात अनेक भाषा असतील तर कोणाला तरी आपल्या भाषेतून दुसऱ्या भाषेत जावंच लागणार. प्रश्न एवढाच की ती मेहनत कोणी करायची, माणसाने की सरकारने?

आफ्रिकेत दोन हजारांच्या आसपास भाषा आहेत. बऱ्याचशा सीमा युरोपीय सत्तांनी आपापसांत वाटून घेतलेल्या, त्यामुळे एकेका देशात डझनावारी, कुठे शेकड्यांनी भाषा आल्या. स्वातंत्र्यानंतर बहुतेक देशांनी राज्यकारभारासाठी इंग्रजी, फ्रेंच किंवा पोर्तुगीज चालू ठेवली. याला सरसकट गुलामी मानसिकता म्हणणं सोपं आहे, पण त्यामागचा युक्तिवाद पोकळ नव्हता. घानाचं उदाहरण घ्या. तिथे अकान भाषा सर्वांत जास्त लोकांना कळते. पण तिला राजभाषा केलं तर एवे, गा, दागबानी बोलणाऱ्यांनी काय करायचं? इंग्रजी कोणाचीच नाही, म्हणून ती सगळ्यांना सारखीच परकी.

जमातींचा हिशोब मांडला तर हे खरं आहे. घरांचा मांडला की गडबड दिसते. ज्या घरात आई-बाप इंग्रजीत शिकलेले आहेत तिथल्या मुलाला इंग्रजी परकी नसते. दोन जमातींमधलं भांडण टाळण्यासाठी निवडलेली भाषा प्रत्येक जमातीच्या आत दोन वर्ग पाडते. आणि हा वर्ग एकदा तयार झाला की राज्यकारभाराची भाषा बदलण्यात त्याला काहीच फायदा उरत नाही.

टांझानियाने वेगळी वाट धरली. तिथे सव्वाशेच्या आसपास भाषा आहेत. स्वाहिली ही किनाऱ्यावरची, व्यापाराची भाषा. आतल्या भागात ती फार थोड्यांची मातृभाषा होती, पण पुष्कळांना थोडीफार येत होती. पहिले राष्ट्राध्यक्ष जूलियस न्येरेरे स्वतः झानाकी या लहानशा समाजातले. त्यांनी स्वाहिलीला देशाची भाषा केलं आणि १९६७नंतर प्राथमिक शिक्षण तिच्यात आणलं. मला आवडलेली गोष्ट अशी की हे करताना त्यांनी स्वतः दुभाष्याचं काम केलं. सत्तेवर असताना शेक्सपिअरची दोन नाटकं त्यांनी स्वाहिलीत आणली. त्यातल्या 'मर्चंट ऑफ व्हेनिस'चं नाव त्यांनी ठेवलं 'माबेपारी वा वेनिसी', म्हणजे व्हेनिसचे भांडवलदार. समाजवादी माणसाचं भाषांतर ते, थोडं झुकणारच. पण देशाचा प्रमुख रात्री बसून शब्द शोधतोय, हे चित्र मला महत्त्वाचं वाटतं. शब्द नाहीत ही तक्रार त्याने जनतेकडे केली नाही.

स्वाहिली जवळजवळ प्रत्येकालाच थोडी शिकावी लागली, म्हणून ओझं बऱ्यापैकी सारखं वाटलं गेलं. हा प्रयोग अर्धवट राहिला तो माध्यमिक शाळेच्या दारात. सात वर्षं स्वाहिलीत शिकलेलं मूल तिथे पोचलं की गणित, विज्ञान, भूगोल सगळं इंग्रजीत सुरू होतं. ते वाचताना मला माझं पहिलं सेमिस्टर आठवलं. फरक एवढा की मी अठरा वर्षांचा होतो, ती मुलं तेरा-चौदाची असतात. कायद्याच्या बाबतीतही तेच. कायदा आणि न्यायालयांची भाषा स्वाहिली असेल असं ठरायला २०२१ साल उजाडलं.

मग मातृभाषेत शिक्षण दिलं की प्रश्न सुटला का? मलाही तसंच वाटायचं. दक्षिण आफ्रिकेबद्दल वाचलं आणि थबकलो. वर्णद्वेषी सरकारने १९५३च्या बांटू शिक्षण कायद्याखाली काळ्या मुलांना मातृभाषेतून शिकवण्यावर मोठा भर दिला होता. हेतू असा की त्यांनी आपल्या भाषेत, आपल्या वस्तीत राहावं आणि वर येण्याचा विचार करू नये. पुढे १९७४ मध्ये हुकूम निघाला की माध्यमिक शाळेत गणित आणि समाजशास्त्रासारखे विषय आफ्रिकान्समध्ये शिकवले जावेत. १६ जून १९७६ रोजी सोवेटोची मुलं रस्त्यावर उतरली. पोलिसांनी गोळ्या घातल्या. ही मुलं आपल्याला झुलू किंवा सोथोत शिकवा म्हणून भांडत नव्हती. आफ्रिकान्स लादू नका, असं म्हणत होती. त्यांना इंग्रजी चालत होती, कारण बाहेरच्या जगात जायचा रस्ता तिच्यातून दिसत होता. मातृभाषा हे घर असू शकतं, तसंच बाहेरून कडी लावली तर तीच कोठडी होते. परभणीतला जो बाप पोराला इंग्रजी शाळेत घालतो त्याला भाषाद्रोही म्हणण्याआधी मी आता सोवेटो आठवतो.

त्याच दक्षिण आफ्रिकेच्या १९९६च्या संविधानाने अकरा भाषांना अधिकृत दर्जा दिला. २०२३ मध्ये सांकेतिक भाषा बारावी झाली. जगातल्या सर्वांत उदार तरतुदींपैकी ही एक. पण इंग्रजी घरात बोलणारे लोक तिथे दहा टक्क्यांहून कमी आहेत, आणि २०१७पासून न्यायालयांच्या नोंदीची भाषा एकटी इंग्रजी आहे. साक्षीदार झुलूत बोलू शकतो, दुभाषी मिळतो. नोंदीत मात्र दुभाष्याचं इंग्रजी राहतं. प्रकरण अपिलात गेलं तर वरच्या न्यायाधीशासमोर जातात ते दुभाष्याचे शब्द. साक्षीदाराचे शब्द त्या खोलीतच विरून गेलेले असतात. बारा भाषांचा रकाना आहे आणि फॉलबॅक ठरलेलं आहे.

दर्जा आणि वापर यांची इतकी फारकत का होते? मॉरिशसमध्ये याचं एक टोक दिसतं, आणि तिथे आपला मराठी संबंधही येतो. एकोणिसाव्या शतकात कोकणातून उसाच्या मळ्यांवर मजूर म्हणून गेलेल्यांचे वंशज तिथे आहेत. त्यांची मुलं शाळेत मराठी हा विषय घेऊ शकतात. घरी मात्र देशातले बहुतेक सगळे, हे मराठी वंशजसुद्धा, क्रेओल बोलतात. जनगणनेत पूर्वी 'तुमच्या पूर्वजांची भाषा कोणती' असाही प्रश्न असायचा. म्हणजे आजोबांच्या भाषेला मान, नातवाच्या तोंडी असलेल्या भाषेला नाही. १९६८च्या संविधानात संसदेची भाषा इंग्रजी ठरली, सदस्यांना फ्रेंचमध्ये बोलायची मुभा मिळाली, क्रेओलचं नाव नव्हतं. शाळेत क्रेओल हा ऐच्छिक विषय व्हायला २०१२ उजाडलं. त्याच देशात १९९८ मध्ये नव्या नोटांवर तमिळ मजकुराचा क्रम खाली गेला म्हणून एवढा असंतोष झाला की नोटा मागे घ्याव्या लागल्या.

या नोटांच्या प्रकरणाला मी हसणार नाही. नोटेवरची ओळ कोणी वाचत नाही, पण 'आम्ही या देशाचे आहोत' हे ती सांगते. मान ही खरी गरज आहे. फक्त मान स्वस्तात देता येतो. घटनेत एक नाव वाढवायला एक ओळ लागते. त्या भाषेत परिचारिका, न्यायाधीश, गणिताचे शिक्षक तयार करायला वीस वर्षं आणि पैसा लागतो. म्हणून सरकारं मान लगेच देतात आणि सोय पुढे ढकलतात.

सोय नाकारली की काय होतं ते कॅमेरूनने पाहिलं. तिथे फ्रेंच आणि इंग्रजी कागदावर समान आहेत. २०१६ मध्ये इंग्रजी भागातले वकील रस्त्यावर आले. महत्त्वाचे कायदे इंग्रजीत मिळत नाहीत आणि आमच्या कोर्टात फ्रेंच परंपरेतले न्यायाधीश पाठवले जातात, अशा त्यांच्या तक्रारी होत्या. मागे शिक्षकही आले. दडपशाही झाली आणि पुढच्या वर्षी त्याचं सशस्त्र संघर्षात रूपांतर झालं. अडीचशेहून जास्त स्थानिक भाषांच्या देशात माणसं दोन युरोपीय भाषांवरून मेली, असं लांबून म्हणता येतं. पण ज्या वकिलाला कायदा वाचताच येत नाही त्याच्या दृष्टीने हा अस्मितेचा प्रश्न नाही, रोजच्या कामाचा आहे.

तर सगळ्या भाषा सगळीकडे वापरा, असं म्हणायचं का? मी भाषांचे रकाने भरायचं काम केलंय. ते शक्य नाही हे मला माहीत आहे. दोन हजार रकाने कोणी भरू शकत नाही. पण सगळं जमत नाही म्हणून काहीच न करणं आणि काय आधी करायचं ते ठरवणं यात फरक आहे. मला सुचलेली कसोटी साधी आहे. न समजल्याची शिक्षा कोणाला होते ते बघायचं. दवाखान्यातली सूचना, कोर्टातला जबाब, लहान मुलाचा वर्ग इथे न समजल्याची किंमत पूर्णपणे समोरचा माणूस मोजतो. म्हणून तिथे दुभाष्याचं काम सरकारचं, कितीही खर्च येवो. मंत्रालयांमधला पत्रव्यवहार, संशोधनाचे अहवाल, इथे सामाईक भाषा खुशाल वापरा. तिथले लोक पगार घेऊन बसलेले आहेत, थोडं भाषांतर त्यांनी करावं.

आमच्या ॲपमध्ये मी शेवटी एक नियम घातला. औषधाशी संबंधित एकही वाक्य भाषांतराशिवाय राहिलं तर नवी आवृत्ती बाहेर पडणारच नाही. रिलीज दोन आठवडे लांबलं आणि मला मॅनेजरची बोलणी खावी लागली. दोन्ही ठीकच.

पण नियम घालून झाल्यावर तिकडच्या टेस्टिंग करणाऱ्या बाईंना मी आनंदाने कळवलं, तेव्हा त्यांनी शांतपणे लिहिलं की आमच्या दवाखान्यात येणाऱ्या कित्येक म्हाताऱ्या बायकांना फक्त सुकुमा येते, स्वाहिली त्यांना जेमतेम कळते. त्यांना सूचना आम्हीच वाचून समजावतो.

म्हणजे मी ज्याला उत्तर समजत होतो तेही एक फॉलबॅकच होतं, आणि उरलेलं दुभाष्याचं काम ती नर्स फुकट करत होती. पुढच्या आवृत्तीत सुकुमातल्या ध्वनिमुद्रित सूचना घालाव्यात असा प्रस्ताव मी दिला आहे. अजून मंजूर झालेला नाही.