नाव एक, धनी अनेक

संतवाङ्मय वाचणाऱ्याला आणि फडावर उभे राहणाऱ्या कीर्तनकारालाही एक अडचण नेहमी पडते. अभंगाच्या शेवटी नाव असते, पण त्या नावाचा धनी एकच असतो असे नाही. ‘नामा’ म्हटले की आपल्या डोळ्यांपुढे महाद्वारातील पायरी उभी राहते. परंतु नामदेवराय इ. स. 1270 ते 1350 या काळातले, आणि त्यांच्यानंतर सुमारे अडीचशे वर्षांनी, नाथमहाराजांच्या काळात, विष्णुदास नामा नावाचा दुसरा एक कवी होऊन गेला. त्याने महाभारत ओवीबद्ध केले. तोही स्वतःला नामाच म्हणवितो. हस्तलिखिते उतरून घेणाऱ्यांनी दोघांचे अभंग एकाच बाडात लिहिले, पुढे गाथा छापल्या तेव्हा ते एकत्रच छापले गेले. त्यात नामदेवरायही काही ठिकाणी स्वतःला ‘विष्णुदास नामा’ म्हणवितात, म्हणून मुद्रेवरून निवाडा करू म्हटले तरी तो सरळ होत नाही.

‘जनी’ हे दुसरे उदाहरण. हे नाव ऐकले की जाते, शेण्या आणि नामयाची दासी आठवते. पण जनार्दनस्वामींच्या शिष्यांत एका जनार्दन, रामा जनार्दन तसे जनी जनार्दनही होते, आणि हे जनी पुरुष होते. नुसते ‘जनी’ एवढेच पाहून चाललो तर एका गृहस्थाचा बोल दासीच्या तोंडी घालण्याची पाळी येते.

आता कोणी भाविक म्हणेल, “अहो, या उठाठेवी पंडितांच्या. आम्हाला अभंग गोड लागला, विठ्ठल आठवला, झाले. पाणी चंद्रभागेचे आहे ना, मग घागर कोणाची हे कशाला विचारायचे?” हा आक्षेप भावाचा आहे म्हणून तो हसण्यावारी नेता येत नाही. त्यात अर्धे सत्य आहे. उरलेले अर्धे पाहण्यासाठी हा लेख.

प्रथम एक अगदी अलीकडचे उदाहरण घेऊ. आपल्या संप्रदायात संत बहिणाबाई झाल्या. जन्म 1628 मधला, वेरुळाजवळच्या देवगावचा. जातीने ब्राह्मण, आणि गुरू केले देहूच्या तुकोबांना. त्यापायी नवऱ्याचा मार खाल्ला, लोकांची बोलणी ऐकली, पण गुरू सोडला नाही. आपले चरित्र आपणच अभंगांतून सांगून ठेवले आणि 1700 मध्ये देह ठेवला. शिऊरला त्यांची समाधी आहे. दुसऱ्या बहिणाबाई खानदेशच्या. जन्म 1880 चा असोद्याचा, सासर जळगावच्या चौधऱ्यांचे. शेतकरणी, अक्षरओळख नाही, तिशीत वैधव्य आले. जात्यावर बसून आणि शेतात राबताना जे सुचले ते गात राहिल्या, आणि घरातल्यांनी ते उतरून घेतले म्हणून ते टिकले. 1951 साली त्या गेल्या आणि 1952 साली आचार्य अत्र्यांच्या प्रस्तावनेसह त्यांची गाणी ग्रंथरूपाने निघाली. त्यांच्या कवी मुलाचे नावही सोपानदेव, म्हणजे सासवडच्या समाधीवाल्या सोपानकाकांचे!

या दोघींवर पुस्तके आहेत आणि दोन्हींच्या पाठीवर ‘बहिणाबाई’ हेच नाव आहे. एखादा बुवा चरित्र सांगू लागला शिऊरच्या बहिणाबाईंचे आणि मध्येच प्रमाण दिले जळगावच्या बहिणाबाईंचे, तर श्रोते माना डोलावतील, टाळी पडेल, कीर्तन रंगेल. मग बिघडले काय?

बिघडले ते असे. जिने नांगरटीत, मळणीत, विधवेच्या संसारात ते शब्द मिळविले, ती बाई त्या क्षणी पुसली गेली. तिच्याजवळ शेत थोडे, अक्षर मुळीच नाही, होती ती एवढीच कमाई. ती आपण उचलून दुसरीच्या पदरात घातली. आणि जिच्या पदरात घातली तिचेही भले झाले नाही. शिऊरच्या बहिणाबाईंचे दुःख वेगळे होते. वर्णाच्या अभिमानाने पेटलेल्या घरात राहून शूद्र म्हणवल्या जाणाऱ्या गुरूचे नाव घ्यायचे, हे त्यांचे तप. ते तप झाकले गेले आणि त्यांच्या अंगावर दुसरीचेच लुगडे चढले. एका चुकीत अशा दोघीजणी नाडल्या जातात. आणि भोगतात कोण, तर ज्यांना आता येऊन तक्रार करता येत नाही अशा दोघी. म्हणून ‘कोणाचे का असेना’ हे म्हणणे वाटते तितके निरुपद्रवी नाही. ज्याचे अन्न खाल्ले त्याचे नाव घेऊन हात जोडावा, एवढे तर आपल्या पंगतीतही पाळतात.

यावर दुसरा आक्षेप अधिक खोल आहे. “संतांनी ‘मी’पणच टाकले. ज्यांनी अहंता विठ्ठलाच्या पायी ठेवली, त्यांच्या नावाची वाटणी करणारे आपण कोण? त्यांना तरी त्या नावाचे काय?” ऐकायला हे वेदांतासारखे वाटते. पण नीट पाहावे. आपले नाव आपण टाकणे हा त्याग आहे. दुसऱ्याचे नाव आपण टाकले तर त्याला त्याग म्हणत नाहीत. माझी पोळी मी दुसऱ्याला दिली तर ते दान, तुमची पोळी मी तिसऱ्याला दिली तर त्याला दान म्हणाल का? संतांनी जे सोडले ते सोडण्याचा अधिकार त्यांचा होता. त्यांच्या वतीने सोडण्याचा अधिकार आपल्याला कोणी दिलेला नाही.

आणि संतांनी नाव खरेच टाकले होते का, हेही पाहण्याजोगे आहे. त्यांनी अहंता टाकली, मुद्रा टाकली नाही. जनाबाईंनी आपले नाव नामदेवांच्या नावाला बांधले, पण आपले नाव ठेवले. नाथांनी गुरूच्या नावाशी स्वतःचे नाव असे जोडले की दोन्ही वेगळे उच्चारताच येऊ नयेत, तरी त्यातला ‘एका’ शिल्लक आहे. तुकोबांचे धाकटे बंधू कान्होबा ‘तुकयाबंधु’ म्हणवून घेतात, केवळ ‘तुका’ म्हणत नाहीत. पिंपळनेरच्या निळोबांना तुकोबांवाचून दुसरे काही दिसत नव्हते, पण त्यांच्या अभंगांखाली ‘निळा’ आहे. त्यांनी ‘तुका’ लिहिले असते तर कोण विचारणार होते? उलट तो अभंग गावोगाव लवकर पोचला असता. तो मोह त्यांनी टाळला. मुद्रा म्हणजे मिरविण्याचा शिक्का नव्हे. ‘हे बोलणे माझे, यात काही उणे असेल तर त्याचा बोल गुरूवर नको’, अशी ती जामिनकी आहे.

याच्या दोन उलट बाजू संतकाळीच होत्या. सालोमालो नावाचे एक गृहस्थ तुकोबांच्या वाणीवर आपले नाव घालून ती गात असत. त्यांच्याविषयी तुकोबांना अभंग करावा लागला. वैकुंठाची वाट दाखविणारा पुरुष अशा गोष्टीसाठी शब्द खर्चतो, तेव्हा ती गोष्ट क्षुल्लक नसणार. हे झाले दुसऱ्याच्या मालावर आपले नाव घालणे. आपल्या मालावर थोराचे नाव घालणे हा दुसरा प्रकार. तो नम्रतेसारखा दिसतो म्हणून अधिक फसवा. त्यात आपण थोराचे काही चोरत नाही असे वाटते, पण त्याचा विश्वास चोरतो. लोक ज्ञानोबांवर मान ठेवतात ती मान आपल्या शब्दाला फुकट मिळते.

नाथमहाराजांनी याचा धडा घालून दिला आहे. ज्ञानेश्वरी झाली शके 1212 मध्ये. पुढे तीनशे वर्षांत नकला होता होता पाठ बिघडले. शके 1506 मध्ये, म्हणजे इ. स. 1584 साली, नाथांनी पोथ्या मिळवून पाठ शुद्ध केला आणि शेवटी बजावले की यात कोणी आपली ओवी मिसळू नये. ध्यानात घ्या, ओवी रचण्याची ताकद ज्याच्या अंगी सर्वांत अधिक, त्यानेच हात आवरला. नाथांची ओवी ज्ञानेश्वरीत शोभली नसती असे कोण म्हणेल? पण शोभणे हा प्रश्नच नव्हता. दुसऱ्याच्या घरात आपला दिवा लावायचा नाही, त्याच्याच दिव्याची काजळी पुसायची, असा तो आदर.

आता एक इशारा दुसऱ्या बाजूचाही दिला पाहिजे. निवड करणे म्हणजे नाकारणे नव्हे. 1898-99 च्या सुमारास ‘सुधारक’ पत्रात शिवराम एकनाथ भारदे यांनी ‘भारद्वाज’ या नावाने लेख लिहून असे मांडले की ज्ञानेश्वरीकार ज्ञानदेव आणि अभंगकार ज्ञानदेव हे दोन वेगळे पुरुष. ज्ञानेश्वरीची भाषा जुनी, अभंगांची नवी. अभंगांत विठ्ठल भरून राहिला आहे, ज्ञानेश्वरीत तसा नाही, हे त्यांचे मुद्दे. संप्रदायात खळबळ उडाली, उत्तरे दिली गेली. पोथीतली भाषा जागच्या जागी राहते, पण टाळाबरोबर मुखोमुखी फिरणारा अभंग पिढीपिढीला थोडा बदलतो. आणि गीतेवर टीका लिहिणारा गीतेच्या विषयाला धरून चालतो, हा त्यातला विचार आजही पटण्यासारखा आहे. संप्रदायाने माउली एकच मानली, आणि आम्हीही तसेच मानतो. तरीही प्रश्न विचारणे पाप होते असे म्हणू नये. त्या प्रश्नामुळेच आपल्या लोकांनी पोथ्या उघडून पाहिल्या.

पाप कोठे शिरते ते सांगतो. अभंग आपल्याला झोंबला, आपल्या दंभावर बोट ठेवू लागला, की ‘हा प्रक्षिप्त दिसतो’ म्हणायचे. आणि आपल्या मताला सोयीचा असला की ‘हा खास माउलींचा’ म्हणायचे. ही निवड पोथीची नाही, आपल्या सोयीची आहे. ज्याला खरोखर निवड करायची त्याने आपल्या आवडत्या अभंगालाही तोच काटा लावावा. आणि जेथे काट्याने निर्णय होत नाही तेथे ‘हा नामदेवांच्या नावावर येतो’ एवढेच सांगून गावा. उत्तरकालीन नाम्याचा ठरला म्हणून अभंगातला विठ्ठल कमी होत नाही. उलट, आपल्याला आणखी एक भक्त भेटला असे मानावे. एका नावाखाली दोन माणसे निघाली तर तोटा कशाचा? वंदन करायला पाय वाढले.

पंजाबात या प्रश्नाची उकल फार सुंदर झाली आहे. शिखांच्या गुरुग्रंथसाहेबात आपल्या नामदेवरायांची 61 पदे आहेत. त्याच ग्रंथात गुरूंची वाणी आहे, आणि नानकांच्या मागून आलेल्या गुरूंनीही पदांत नाव घातले ते ‘नानक’ हेच. ज्योत एक, म्हणून नाव एक. पण गुरू अर्जुनदेवांनी 1604 साली ग्रंथ सिद्ध करताना प्रत्येकाच्या वाणीवर ‘महला’ म्हणून आकडा घातला. पहिला महला नानकांचा, तिसरा अमरदासांचा, पाचवा खुद्द अर्जुनदेवांचा. गाणारा ‘नानक’ म्हणतो आणि पाहणाऱ्याला समजते की हे कोणाचे. ऐक्यही राखले आणि प्रत्येकाचे ऋणही.

आपल्या वाटेवर तरी वेगळे काय आहे? वारीत लहानथोर सगळे ‘माउली’. पाटील माउली, मजूर माउली, म्हातारी माउली. हे नाव सगळ्यांचे आहे आणि तसेच असावे. पण पंढरीच्या गर्दीत म्हातारी चुकली, तर ध्वनिक्षेपकावरून ‘माउली हरवली आहे’ असे सांगून ती सापडेल का? तेथे नाव सांगावे लागते, गाव सांगावे लागते, दिंडीचा नंबर सांगावा लागतो. पायांवर डोके ठेवताना एकच नाव पुरते, पण हात धरून घरी न्यायचे असेल तर माणूस ओळखावा लागतो. संतांचेही तसेच. नमस्काराला ‘संत’ एवढे पुरे. त्यांचे बोट धरून चालायचे तर कोणते बोट, हे कळले पाहिजे.

तेव्हा कीर्तनकारांना विनंती अशी की प्रमाण देताना नुसते नाव न सांगता गाव आणि गुरू यांपैकी एक तरी खूण सांगावी. ‘शिऊरच्या बहिणाबाई’ म्हणायला एका शब्दाचा वेळ लागतो. पोथी विकत घेणाऱ्यानेही मुखपृष्ठावरचे नाव पाहून थांबू नये, आतले चार शब्द वाचावेत. श्रोत्याने शंका विचारली तर बुवांनी रागावू नये.

शेवटी एक विचार. भीष्मांनी धर्मराजाला देवाची सहस्र नावे सांगितली. तेथे एकाची नावे हजार, येथे हजारांचे नाव एक. अजामिळाने मरणकाळी हाक मारली ती पोटच्या नारायणाला, आणि धावून आले ते वैकुंठीच्या नारायणाचे दूत. देवाच्या दारी नावाची चूक चालते, कारण कोणतेही नाव घ्या, ते त्याचेच असते. माणसाचे तसे नाही. त्याच्याजवळ एकच नाव, तेही दहाजणांत वाटलेले. देवाला हाक मारताना खुशाल चुकावे, तो सांभाळून घेतो. भक्ताचे नाव घेताना मात्र आपणच सांभाळायचे असते. रामकृष्णहरी.